डावा मागचा

गणपती बसायला दोन दिवस उरले होते. आईला मूर्ती बघायला न्यायचं म्हणून सकाळी मी गाडी पार्किंगमधून काढली, गेटपाशी उभी केली आणि तिला हात द्यायला खाली उतरलो. मागे वळून पाहिलं, तर गाडीचा डावा मागचा कोपरा वर उचललेला. एक पाय उंबऱ्यावर ठेवून माणूस उभा राहावा, तशी गाडी तिरकी उभी होती. खालून घर्रर्र असा आवाज येत होता आणि तो कोपरा माझ्या डोळ्यांदेखत आणखी वर चालला होता. दोन-अडीच मिनिटांनी आवाज थांबला. डॅशबोर्डवर पिवळा दिवा लागला.

आई काठी टेकून उभी होती. ती म्हणाली, "राहू दे रे आज. तूच आण मूर्ती, तुझ्या पसंतीची."

ही गाडी माझ्या थोरल्या भावाची. परदेशी बनावटीची, बारा वर्षं जुनी, मोठी एसयूव्ही. दादा नोकरीसाठी बाहेर गेला तेव्हा ती माझ्याकडे ठेवून गेला. एवढी मोठी गाडी मी स्वतःहून कधी घेतली नसती, पण आईसाठी ती ठेवून घेतली. दोन वर्षांपूर्वी आईच्या दोन्ही गुडघ्यांचं ऑपरेशन झालं. रिक्षात बसायचं तर वाकावं लागतं, साध्या जीपगाडीत बसायचं तर चढावं लागतं, आणि तिला दोन्ही जमत नाही. या गाडीला स्प्रिंगा नाहीत. चार चाकांवर हवा भरलेले चार रबरी फुगे आहेत. एक बटण दाबलं की फुग्यांतली थोडी हवा सुटते, गाडी पाचेक सेंटिमीटर खाली येते आणि सीट नेमकी आईच्या मांडीच्या उंचीला येते. ती आधी टेकते, मग दोन्ही पाय एकदम आत घेते. फिजिओथेरपीच्या ताईंनी तिला तसंच शिकवलं आहे. त्यामुळे गाडी बिघडली याचा आमच्या घरातला अर्थ आईचं बाहेर जाणं बंद, एवढाच होता.

मी नाशिकला अंबडच्या औद्योगिक वसाहतीत एका प्रेसशॉपमध्ये बारा वर्षं क्वालिटीला आहे. आम्ही पत्र्याचे ब्रॅकेट दाबतो. सातपूरच्या महिंद्राच्या कारखान्यातून २००२ साली स्कॉर्पिओ बाहेर पडली, त्यानंतर अंबड-सातपुरात सुटे भाग करणाऱ्यांचं काम कसं वाढत गेलं हे इथल्या जुन्या लोकांकडून मी ऐकत आलो आहे. गाडीचे भाग रोज शेकड्यांनी माझ्या हाताखालून जातात, पण गाडीखाली मी कधी शिरलेलो नव्हतो. ब्रॅकेट कुठल्या भोकाला किती मिलिमीटर हवा ते मला पाठ, तो गाडीत पुढे काय करतो ते ठाऊक नाही, अशी माझी अवस्था.

पहिल्या वर्कशॉपमध्ये गाडी दाखवली. तिथल्या साहेबांनी गाडीभोवती एक फेरी मारली, दिवा बघितला आणि कागदावर लिहून दिलं: मागचे दोन्ही एअर स्प्रिंग, कॉम्प्रेसर, मजुरी, मिळून एक लाख पंच्याऐंशी हजार. गाडी लिफ्टवर चढवलीही नव्हती. मी विचारलं, "फुगा फुटला असता तर गाडी खाली बसली असती ना? ही तर वर उचलली गेलीय." त्यांनी सांगितलं की या सिस्टिमला वय झालं की सगळंच बदलावं लागतं. कागद खिशात घालून मी घरी आलो. तेवढे पैसे माझ्याकडे नव्हते. पण पैशांपेक्षा मला एक गोष्ट बोचत होती. माझ्या प्रश्नाला उत्तर मिळालेलं नव्हतं.

त्या रात्री मी वाचायला बसलो. हवेवर उभी राहणारी गाडी ही काही आजची कल्पना नाही. फ्रान्सच्या सित्रोएनने १९५५ साली डीएस नावाची गाडी आणली. ती तेल आणि वायूच्या दाबावर उभी राहायची; बंद ठेवली की हळूहळू बसायची आणि इंजिन सुरू केलं की उठायची. अमेरिकेत कॅडिलॅकने १९५७ च्या एल्डोराडो ब्रॉमला हवेचे फुगे दिले, पण पुढे कित्येक मालकांनी ते काढून साध्या पोलादी स्प्रिंगा बसवून घेतल्या. ते वाचून धीर सुटला. मग आपल्या गाडीची रचना शोधली. एक कॉम्प्रेसर, हवा साठवायची एक टाकी, कुठल्या चाकाला हवा द्यायची ते ठरवणारा व्हॉल्व्हचा ठोकळा, चार फुगे आणि या सगळ्यांना हुकूम देणारी एक पेटी. इथपर्यंत समजलं. पण त्या पेटीला गाडी किती उंच आहे ते कसं कळतं, हा भाग मी तीनदा वाचला तरी डोक्यात शिरेना. प्रत्येक चाकाशी एक उंची मोजणारा सेन्सर असतो एवढं वाचून मी पुढे गेलो. मला वाटलं, तो निव्वळ दिवा लावायला असेल. माझी खरी चूक तिथे झाली, आणि ती उमगायला पाच दिवस लागले.

दुसऱ्या दिवशी भांड्यांच्या साबणाचं पाणी फवाऱ्याच्या बाटलीत भरून मी गाडीखाली वाकलो. बायको टॉर्च धरून बसली. फुग्यांच्या घड्यांवर, नळ्यांच्या जोडांवर, हात पोहोचेल तिथे पाणी मारलं. हवा सुटत असेल तर तिथे बुडबुडे धरायला हवेत. कुठेही धरले नाहीत. मग मी मला येणारी एकच गोष्ट केली. टेप काढला. चाकाच्या मध्यबिंदूपासून वर मडगार्डच्या कडेपर्यंतचं अंतर चारही ठिकाणी मोजलं आणि वहीत लिहिलं. पुढचा डावा ४६८ मिलिमीटर, पुढचा उजवा ४६६, मागचा उजवा ४७२, मागचा डावा ५१४. रात्रभर गाडीला हात लावला नाही. सकाळी पुन्हा मोजलं: ४६८, ४६६, ४७१, ५१४. आठ तासांत एक मिलिमीटरचा फरक, तोही टेप धरण्यातला असू शकतो. जे फुगे बदलायला सांगितले होते, ते हवा धरून बसले होते.

वर्कशॉपचा तो कागद घेऊन मी गरवारे पॉइंटजवळ, हायवेच्या सर्व्हिस रोडला असलेल्या एका मिस्त्रींकडे गेलो. आमच्या कंपनीचा टेम्पो त्यांच्याकडे जातो. वय साठीच्या पुढे, आयुष्य बस आणि ट्रकखाली गेलेलं. आमच्याकडे सगळे त्यांना काका म्हणतात. त्यांनी कागद नीट वाचला, चष्मा वर केला आणि दोनच प्रश्न विचारले.

"रात्री बसते का?"

"नाही, काका."

"चावी फिरवली की उठते?"

"हो. तोच एक कोपरा."

"मग हवा जात नाय. हवा कुठवर भरायची ते तिला कळंनासं झालंय."

मला ते वाक्य कळलं नाही. काकांनी मला हाताला धरून बाजूला उभ्या असलेल्या एका लक्झरी बसच्या मागच्या चाकापाशी नेलं आणि वाकून बघायला लावलं. शिवनेरीसारख्या बस हवेवर चालतात हे मला माहीत होतं, पण ते काम कसं चालतं हे मी तिथे पहिल्यांदा पाहिलं. चॅसीला एक छोटा व्हॉल्व्ह बसवलेला. त्याला वीतभर लांबीचा आडवा दांडा, आणि त्या दांड्याच्या टोकाला एक उभी सळई, जी खाली अ‍ॅक्सलला बांधलेली. माणसं चढली की बस खाली दबते, दांडा वर ढकलला जातो, व्हॉल्व्ह उघडतो, फुग्यात हवा जाते आणि बस पुन्हा वर येते. दांडा आडवा झाला की हवा बंद. माणसं उतरली की याच्या उलट. काकांनी विचारलं, "आता सांग, ही सळई कुणी काढून दांडा वर बांधून ठेवला, तर काय होईल?"

"हवा भरतच राहील."

"बस कुठं असंल?"

"वर."

"आन् दांडा काय सांगंल?"

"खाली आहे."

"तुझ्या गाडीला व्हॉल्व्हच्या जागी सेन्सर आहे, येवढाच फरक."

काकांच्या भाच्याने स्कॅनर जोडला. कोड आला: लेफ्ट रिअर लेव्हल सेन्सर, इम्प्लॉझिबल सिग्नल. म्हणजे सिग्नल येतो आहे, पण तो पटण्यासारखा नाही. मग त्याने चालू आकडे उघडले. चारही चाकांची उंची, ठरलेल्या पातळीपासून किती वर, किती खाली. तीन चाकं शून्याच्या आसपास. डावा मागचा: उणे ३८.

मी टेप लावला. ५१४. उजव्यापेक्षा बेचाळीस मिलिमीटर वर.

पडद्यावर गाडी अडतीस मिलिमीटर खाली बसलेली, माझ्या टेपवर बेचाळीस वर उचललेली. त्या क्षणी मला जे वाटलं ते कसं सांगावं कळत नाही. कारखान्यात एखादा लॉट अचानक मापाबाहेर जायला लागला की मी पोरांना पहिली गोष्ट सांगतो: माल बाजूला ठेवा, आधी गेज तपासा. हाइट गेज सरफेस प्लेटवर टेकवून शून्य दाखवतोय का बघा, कॅलिब्रेशनची तारीख बघा, मग मालाला नावं ठेवा. बारा वर्षं मी हे सांगत आलो. आणि इथे पाच दिवस मी फुगे, नळ्या, कॉम्प्रेसर असा सगळा माल तपासत होतो. गेजकडे ढुंकूनही पाहिलं नव्हतं. गाडीला डोळे नाहीत. आपण किती उंच आहोत हे तिला तो दांडा सांगेल तेवढंच कळतं. दांडा म्हणाला "खाली", म्हणून कॉम्प्रेसर इमानाने हवा भरत राहिला, कितीही भरली तरी आकडा हलेना, शेवटी पेटीने सगळं थांबवून दिवा लावला. त्या यंत्रातला एकही भाग खोटं वागला नव्हता, तो एक सोडून.

आणखी एक गोष्ट तेव्हा उलगडली. काकांकडे येताना अंधार पडला होता आणि एक्स्लो पॉइंटपासून पुढे मला रस्ता नीट दिसत नव्हता. उजेड बंपरच्या पुढ्यातच पडत होता. मला वाटलं, बल्ब म्हातारे झाले. पण या गाडीचे हेडलाइटही याच सेन्सरवर चालतात. मागे वजन बसलं की पुढचं नाक वर होतं आणि समोरच्याच्या डोळ्यांत उजेड जातो, म्हणून दिवे आपोआप खाली झुकतात. सेन्सर म्हणत होता की मागे गाडी बसली आहे, दिवे झुकले. गाडी मागून उचललेली असल्याने ते आधीच खाली होते. एका दांड्याच्या चुकीचा अंधार माझ्या रस्त्यावर पडला होता.

तरीही काकांनी लगेच सेन्सर मागवू दिला नाही. म्हणाले, तार तुटली असंल, पाणी गेलं असंल, सळईचा जोड निखळला असंल, तर नवा सेन्सरबी तेच सांगंल. आणि गाडीखाली हात घालण्याआधी त्यांनी जी तयारी केली, तीत सगळ्यात जास्त वेळ गेला. मेनूतून जॅक मोड चालू केला, म्हणजे गाडी स्वतःहून हवा भरणार नाही, सोडणार नाही. त्यावरही विश्वास न ठेवता कॉम्प्रेसरचा रिले उपटून खिशात ठेवला. मग जॅक, त्याखाली लाकडी ठोकळा, आणि चॅसीखाली दोन लोखंडी स्टँड. मी म्हणालो, "काका, जॅक आहे ना." ते पहिल्यांदा चिडले. "हवेवरची गाडी कवाबी बसंल. दांडा तू हातानं हलवशील, तिला वाटंल आपन वर गेलो, सोडंल हवा. तुझं डोकं कुठं असंल तवा?" हे वाक्य मी वहीत पहिल्या पानावर लिहून ठेवलं आहे.

चाक काढलं, आतलं प्लास्टिकचं अस्तर सोडवलं, आणि तो दिसला. काडेपेटीएवढी काळी डबी, तिच्यातून निघालेला बोटभर दांडा, दांड्याच्या टोकाला गोळी असलेली छोटी सळई, खाली लोअर आर्मला जोडलेली. सगळ्यावर एमआयडीसीच्या रस्त्यांवरच्या पावसाळी चिखलाचा वाळलेला थर. एक लाख पंच्याऐंशी हजारांचा कागद अजून माझ्या खिशात होता.

सळई शाबूत होती, गोळीचा जोडही. प्लग काढला तर एका पिनेवर हिरवट बुरशीसारखं साचलेलं आणि रबरी सीलचा तुकडाच गायब. काकांनी तो साफ केला आणि मल्टिमीटर माझ्या हातात दिला. तीन तारा कामाच्या: एकीवर पेटीकडून पाच व्होल्ट येतात, एक अर्थिंगची, तिसरीवरून उत्तर परत जातं. पहिलीवर ४.९८ आले. अर्थिंग पक्कं. म्हणजे पेटी आणि वायरिंग नीट. मग प्लग परत लावून, मागून तारेत टाचणी सरकवून तिसऱ्या तारेवर मीटर धरला आणि सळई सोडवून दांडा हळूहळू वर-खाली केला. १.३१. दांडा मध्यावर, १.३१. दांडा वर, १.३१. मध्येच एकदा ०.४ वर उडी आणि पुन्हा १.३१. दांडा कुठेही गेला तरी डबीचं उत्तर तेच. मग ताडून बघायला उजव्या बाजूला तेच केलं. तिथे आकडा ०.८ पासून ४.१ पर्यंत, जिना चढावा तसा न अडखळता गेला, आणि सपाट पातळीला अडीचच्या जवळ थांबला. मी ते उजव्या बाजूचं दोनदा करून पाहिलं, निव्वळ तो आकडा तसा वर जाताना बघायला.

आता सेन्सर मागवायचा. पूर्वी असं काही हवं असलं की माणसं आधी अंबड-सातपूर लिंक रोडवरच्या भंगार बाजारात चक्कर मारायची. महापालिकेने २०१७ च्या जानेवारीत तो हटवला. मी परदेशी भागांच्या कॅटलॉगमधून, पार्टनंबर जुळवून, ऑनलाइन मागवला. यादीत दोन होते, एक ड्रायव्हर साइड, एक पॅसेंजर साइड. आपल्याला डावा हवा, डाव्या बाजूला आई बसते, म्हणजे पॅसेंजर साइड. ७,४०० रुपये. आठ दिवसांनी खोकं आलं. काकांनी जुना आणि नवा शेजारी शेजारी धरले आणि मान हलवली. डबी तशीच, भोकं जुळणारी, पण दांडा विरुद्ध दिशेला.

"हा उजवा हाय. हा बसवला, तर गाडी उठली की म्हनंल बसली."

कॅटलॉग अमेरिकेतला होता. तिथे स्टिअरिंग डावीकडे. त्यांचा ड्रायव्हर जिथे बसतो, तिथे आमच्या गाडीत आई बसते. मी पार्टनंबरचा एकेक आकडा तपासला होता, फक्त शेवटचं अक्षर सोडून; तेच डावं-उजवं सांगत होतं. आमच्या कारखान्यातही आरएच आणि एलएच ब्रॅकेट असतात आणि ते एका ट्रेमध्ये मिसळले तर मी अख्खी पाळी थांबवतो. खोकं परत घेत नव्हते. आईला हे सांगताना मला फार वाईट वाटलं, कारण त्या आठ दिवसांत गौरी येऊन गेल्या होत्या आणि ती बहिणीकडे जाऊ शकली नव्हती. ती म्हणाली, "उजवा पण कधीतरी लागेलच ना? ठेव जपून." तो कपाटात आहे, तेलकट कागदात गुंडाळून.

दुसरा मागवताना मी चांगलाच घाबरलो होतो. शेवटचं अक्षर तीन वेळा वाचलं, काकांना वाचून दाखवलं, जुन्या डबीवरच्या कोरलेल्या अक्षराशी भिंग लावून ताडलं. तो आला अकरा दिवसांनी.

डबी दोनच बोल्टवर असते, दहाचा पाना. पहिला सुटला. दुसरा गंजून जाम. मी जोर लावणार तेवढ्यात काकांनी हात धरला. डोकं तुटलं तर ब्रॅकेटसकट काढावं लागेल. गंज सुटायचं तेल मारून तो रात्रभर तसाच ठेवला, सकाळी पुन्हा मारलं, एक पाव फेरा सैल, परत घट्ट, पुन्हा सैल, असं करत करत अर्ध्या तासाने तो बाहेर आला. इतका वेळ एका बोल्टसाठी मी आयुष्यात दिला नव्हता, आणि तो सुटला तेव्हा काकांचा भाचा आणि मी, दोघेही एकदम बोललो, "आला!" नवी डबी बसवली, प्लगला नवं सील आणि आत ग्रीस, सळईची गोळी टक् करून बसली. त्या लांब चाललेल्या भरण्यात रिलेचे संपर्क काळवंडले होते. काकांनी तो बदलायलाच लावला. तो चिकटून राहिला असता तर कॉम्प्रेसर थांबलाच नसता आणि मग त्या कागदातलं निदान कॉम्प्रेसरपुरतं खरं झालं असतं.

मला वाटलं, झालं. चावी फिरवली. गाडी उठली, आणि डावा मागचा कोपरा नऊ मिलिमीटर खाली राहिला.

नवा सेन्सर खरं बोलत होता, पण त्याचं शून्य कुठे आहे हे गाडीला अजून कुणी सांगितलं नव्हतं. पेटीला चारही चाकांची प्रत्यक्ष मोजलेली उंची भरून द्यावी लागते. मग ती म्हणते, बरं, या व्होल्टला ही उंची. ते माप सपाट जमिनीवर घेतलं तरच त्याला अर्थ, आणि काकांच्या गॅरेजची फरशी पाणी जावं म्हणून उताराची. इथे मात्र काय करायचं ते मला कुणी सांगावं लागलं नाही. आमच्या शेटना विचारून रविवारी गाडी कंपनीच्या माल चढवायच्या शेडमध्ये नेली. गवंडी वापरतात तसा पारदर्शक पाइप आणला, त्यात पाणी भरलं आणि चार चाकं जिथे येणार त्या चार जागांची पातळी ताडली. तीन जागा एकसारख्या, चौथी तीन मिलिमीटर खोल. स्क्रॅपच्या पेटीतून तीन मिलिमीटर पत्र्याची कापटी काढली, व्हर्नियर लावून खात्री केली आणि त्या चाकाखाली घातली. चारही टायरची हवा सारखी केली. गाडी रिकामी, डिकीतलं सामानही बाहेर. प्रत्येक कोपरा तीन तीन वेळा मोजला आणि मधला आकडा घेतला. भाच्याने ते स्कॅनरमध्ये भरले. पेटीने ते स्वीकारले, गाडी हलकेच श्वास सोडल्यासारखी एकदा खाली-वर झाली आणि थांबली.

मी टेप लावला. ४६७, ४६७, ४७१, ४७०.

काका शेडच्या दारात चहा घेत उभे होते. त्यांनी काहीच विचारलं नाही, मी वही त्यांच्यापुढे धरली. त्यांनी बोट फिरवत चारही आकडे वाचले आणि म्हणाले, "आता रात्रीचं दिवं भिंतीवर बघून घे." ते संध्याकाळी केलं. दिव्यांचंही शून्य नव्याने लावावं लागलं.

जुनी डबी मी उघडली. आत कार्बनचा एक काळा पट्टा आणि त्यावर सरकणारी पितळेची दोन बारीक बोटं. नव्या पद्धतीच्या सेन्सरमध्ये लोहचुंबक असतो, काही घासतच नाही. हा जुन्या पद्धतीचा. पट्ट्याच्या नेमक्या मध्यावर, जिथे गाडी बारा वर्षं सरळ चालली, तिथे घासून पांढुरकी रेघ पडली होती आणि त्या रेघेत एक मोहरीएवढा पाण्याचा थेंब. पावसाळ्याचा, बंद डबीत अडकलेला. मी तो बराच वेळ बघत बसलो. मग डबी काकांना दिली. ते आता नव्या पोरांना शिकवताना ती दाखवतात.

सगळं मिळून, चुकीच्या सेन्सरसकट, एकोणीस हजारांच्या आत खर्च आला. पण हिशोबाच्या वहीत मी त्याखाली चार उंचीचे आकडेही लिहिले आहेत, आणि दर शनिवारी नवे लिहितो.

घटस्थापनेच्या आदल्या दिवशी, देवीच्या यात्रेची गर्दी सुरू व्हायच्या आत, आईला जुन्या आग्रा रोडच्या कालिकेला न्यायचं ठरलं. गाडी गेटपाशी लावली, बटण दाबलं. फुस्स झालं, गाडी बसली. आई पाठ करून सीटवर टेकली, दोन्ही पाय उचलून आत घेतले आणि काठी मांडीवर आडवी ठेवली. मी दार लावलं, गाडी वर घेतली, आणि मग राहवेना म्हणून टेप काढून मागच्या डाव्या चाकापाशी बसलो.

आईने काच खाली केली. "किती?"

"चारशे सत्तर."

"आणि उजवीकडे?"

मी उठून पलीकडे गेलो.